ॲलन ट्रॅक्टेनबर्ग यांची पुस्तके कोणत्या क्रमाने वाचावीत?

अंत्रूजकर:
सप्रेम नमस्कार. गोव्याच्या फोंडा महालातील काही घरांत जपून ठेवलेल्या जुन्या छायाचित्रसंग्रहांवर मी एक दीर्घ लेख लिहीत आहे. हे संग्रह पोर्तुगीज अमदानीच्या अखेरच्या काही दशकांतले आहेत. त्यांत भाटकारांच्या (जमीनमालकांच्या) घरांसमोर घेतलेले गट-फोटो आहेत, देवळांतील जत्रा आहेत, तसेच लग्नमुंजींची चित्रे आहेत. आतापर्यंत मी या चित्रांतून पेहराव, इमारती आणि साल एवढेच टिपत आलो. पण एवढ्याने लेख उभा राहत नाही, हे आता जाणवू लागले आहे. छायाचित्रांतून इतिहास कसा वाचावा यासाठी अमेरिकन अभ्यासक ॲलन ट्रॅक्टेनबर्ग यांची पुस्तके वाचावीत, असे मला सुचवण्यात आले आहे. त्यांपैकी कोणत्या पुस्तकापासून सुरुवात करावी, त्यासाठी अमेरिकेचा इतिहास आधी माहीत असणे आवश्यक आहे काय, आणि त्यांची पद्धत आपल्याकडच्या सामग्रीला लागू पडेल काय, याविषयी जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

मांडवीकाठ:
आपण ‘रीडिंग अमेरिकन फोटोग्राफ्स’ (१९८९) आधी वाचावे, असे मी आग्रहाने सुचवीन. येल विद्यापीठात दीर्घकाळ अध्यापन केलेल्या ट्रॅक्टेनबर्ग (१९३२–२०२०) यांनी या पुस्तकात छायाचित्रकार मॅथ्यू ब्रॅडीपासून वॉकर इव्हान्सपर्यंतचा काळ घेतला आहे, पण कॅमेऱ्याच्या तंत्राची प्रगती किंवा छायाचित्रकारांची चरित्रे सांगणे हा त्यांचा हेतू नाही. एखादे छायाचित्र कोणत्या संग्रहात, कोणत्या चित्राच्या शेजारी, कोणत्या मजकुरासह आणि कोणत्या वाचकासाठी ठेवले गेले, यातून त्याचा अर्थ घडत जातो, ही त्यांची भूमिका आहे आणि प्रत्येक प्रकरणात ते ती प्रत्यक्ष चित्रांवर तपासून दाखवतात.

अमेरिकन यादवी युद्धाच्या (१८६१–६५) छायाचित्रसंग्रहांवरील प्रकरण आपण सावकाश वाचावे. छायाचित्रकार अलेक्झांडर गार्डनर यांनी १८६६ मध्ये दोन खंडांत प्रसिद्ध केलेल्या युद्धसंग्रहात शंभर छायाचित्रे असून प्रत्येक चित्रासमोर छापील मजकूर आहे. त्यातील एका चित्रात व्हर्जिनियातील कोल्ड हार्बरच्या रणभूमीवर काही कृष्णवर्णीय माणसे, लढाईनंतर कित्येक महिने उघड्यावर पडून राहिलेल्या सैनिकांचे अस्थिअवशेष गोळा करताना दिसतात. समोरचा मजकूर मात्र सैनिक आपल्या साथीदारांचे अवशेष गोळा करीत आहेत असे सांगतो, शत्रूचे मृतदेह तसेच कुजू दिल्याबद्दल त्या भागातील रहिवाशांना दोष देतो आणि ज्यांच्या हातून ते काम चालले आहे त्या माणसांच्या वर्णाबद्दल किंवा स्थितीबद्दल अवाक्षर काढत नाही. ज्या युद्धाच्या मुळाशी गुलामगिरीचा प्रश्न होता, त्या युद्धाच्या स्मारकग्रंथात ही माणसे डोळ्यांसमोर असूनही मजकुरातून गळतात. चित्र आणि मजकूर यांच्यामधली ही फट एकदा लक्षात आली, की आपल्या संग्रहातील भाटकाराच्या घरासमोरचा गट-फोटो आपण पूर्वीसारखा पाहू शकणार नाही. मधल्या खुर्च्यांवर बसलेल्यांची नावे मागे शाईने लिहिलेली असतात आणि कडेला किंवा पायऱ्यांखाली उभ्या असलेल्या मुंडकारांची (भाटकाराच्या जमिनीवर राहणाऱ्या कुळांची) व घरकाम करणाऱ्यांची नसतात. ती कोणी लिहिली आणि कोणासाठी लिहिली, हा प्रश्न आपल्या लेखाला पुरेसा खोल पाया देईल असे मला मनापासून वाटते.

याच पुस्तकात आल्फ्रेड स्टिगलिट्झ आणि लुईस हाइन या छायाचित्रकारांना शेजारी ठेवणारे प्रकरण आहे. हाइन यांनी १९०८ पासून राष्ट्रीय बालमजुरी समितीसाठी गिरण्यांत व खाणींत काम करणाऱ्या मुलांची छायाचित्रे घेतली आणि शक्य तेथे मुलाचे नाव, वय व मजुरी यांची नोंद केली. त्या नोंदींवाचून ती चित्रे अपुरी आहेत.

डिचोलीचा वाचक:
वरील प्रतिसादाबद्दल आदर राखून थोडा वेगळा क्रम सुचवतो. अमेरिकेच्या इतिहासाची ओळख नसलेल्या वाचकाने ‘दि इन्कॉर्पोरेशन ऑफ अमेरिका’ (१९८२) आधी वाचावे. यादवी युद्धानंतरच्या तीन दशकांत रेल्वे, यंत्रे आणि मोठमोठ्या कंपन्या यांनी केवळ बाजारपेठ बदलली नाही, तर शहरांची रचना, श्रमाची कल्पना, वर्तमानपत्रे आणि कादंबऱ्या यांचेही स्वरूप बदलले, हे त्यात दाखवले आहे. पुस्तकाचा शेवट १८९३ च्या शिकागो विश्वमेळ्यावर होतो. त्या वर्षीचे शिकागो आपल्याला स्वामी विवेकानंदांच्या सर्वधर्मपरिषदेतील भाषणामुळे माहीत आहे, परंतु ती परिषद ज्या मेळ्याच्या निमित्ताने भरली, त्याची शुभ्र प्रासादांची नगरी कोणत्या सामर्थ्याचे आणि कोणत्या व्यवस्थेचे प्रदर्शन मांडत होती, हे येथे कळते. पुढच्याच वर्षी त्याच शहरातून रेल्वेचे डबे बनवणाऱ्या पुलमन कंपनीच्या कामगारांचा संप देशभरच्या रेल्वेमार्गांवर पसरला आणि तो मोडण्यासाठी केंद्र सरकारने सैन्य धाडले. या पार्श्वभूमीवर हाइन यांची चित्रे अधिक तीव्रतेने भिडतात.

‘शेड्स ऑफ हायवाथा’ (२००४) हे उत्तरकाळातील पुस्तकही महत्त्वाचे आहे. युरोपातून स्थलांतरितांचे लोंढे येत असताना मूळ निवासींची प्रतिमा रंगमंचावर, शाळांत आणि छायाचित्रांत कशी उभी केली गेली, याचा त्यात शोध आहे. मूळ निवासींना नागरिकत्व देणारा कायदा आणि स्थलांतरावर कडक मर्यादा घालणारा कायदा, हे दोन्ही १९२४ मध्येच झाले.

अंत्रूजकर:
दोघांचेही मनःपूर्वक आभार. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन पुलावरील ट्रॅक्टेनबर्ग यांचे पहिले पुस्तक माझ्या विषयासाठी वगळले तर चालेल काय?

मांडवीकाठ:
लेखापुरते चालेल, पण पुढे ते अवश्य वाचावे. १८८३ मध्ये खुला झालेला तो पूल अभियांत्रिकीची वस्तू म्हणून कसा उभा राहिला आणि चित्रकार व कवी यांच्या हातून राष्ट्राचे प्रतीक कसा झाला, अशा दोन्ही अंगांनी १९६५ च्या त्या ग्रंथाची मांडणी आहे. हार्ट क्रेन यांच्या पुलावरील दीर्घकवितेच्या १९३० मधील पहिल्या आवृत्तीत वॉकर इव्हान्स यांची छायाचित्रे होती, त्यामुळे ‘रीडिंग अमेरिकन फोटोग्राफ्स’चा धागा तेथेच हाती लागतो.

आपल्या तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर मात्र राहून गेले होते. ट्रॅक्टेनबर्ग बहुतेक ठिकाणी प्रसिद्ध झालेले ग्रंथ वाचतात. इव्हान्स यांच्या १९३८ च्या पुस्तकात सत्त्याऐंशी चित्रांचा क्रम छापून पक्का झालेला आहे आणि त्या क्रमावर त्यांचे सारे विवेचन उभे आहे. घरगुती संग्रहाला असा पक्का क्रम नसतो. आजोबांनी लावलेली चित्रे नातवाने काढून पुन्हा चिकटवलेली असतात, काही मुंबईला किंवा लिस्बनला गेलेल्या नातेवाइकांनी सोबत नेलेली असतात. त्यामुळे शेजारी असलेल्या दोन चित्रांवरून निष्कर्ष काढण्यापूर्वी ती केव्हापासून शेजारी आहेत, हे त्या घरातील ज्येष्ठांना विचारावे लागेल. हे बंधन पाळले तर पद्धत निश्चित उपयोगी आहे.

डिचोलीचा वाचक:
या सूचनेशी मी पूर्ण सहमत आहे. एकही चित्र पानावरून सोडवण्याआधी प्रत्येक पानाचा जसाच्या तसा फोटो घ्यावा आणि मागील बाजूचे हस्ताक्षर, स्टुडिओचा शिक्का व पोर्तुगीजमधील मजकूर स्वतंत्र वहीत उतरवून घ्यावा. पुस्तक वाचताना मूळ चित्रे मोठ्या आकारात पाहायची असतील, तर अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने यादवी युद्धाच्या काचेच्या निगेटिव्ह आणि हाइन यांची बालमजुरीविषयक पाच हजारांहून अधिक छायाचित्रे आपल्या संकेतस्थळावर विनामूल्य ठेवली आहेत. हाइन यांच्या चित्रांसोबत त्यांच्या मूळ नोंदीही तेथे वाचता येतात.