हॅना स्वेन्सन मालिका: पुढे वाचू की इथेच थांबू? (मदत हवी आहे)

रात्रवाचक:

मंडळी, जोॲन फ्लूकच्या हॅना स्वेन्सन मालिकेबद्दल सल्ला हवा आहे. मिनेसोटातल्या लेक ईडन नावाच्या (काल्पनिक) गावात 'द कुकी जार' ही बेकरी चालवणारी आणि फावल्या वेळात खून उलगडणारी बाई, तीच ही. पहिली तीन पुस्तकं ओळीने वाचली: 'चॉकलेट चिप कुकी मर्डर' (२०००), 'स्ट्रॉबेरी शॉर्टकेक मर्डर' (२००१) आणि 'ब्लूबेरी मफिन मर्डर' (२००२).

मला आवडली. झोपण्यापूर्वी वाचायला रक्ताचे सडे नकोत, पण कोडं हवं, अशी माझी गरज आहे आणि ती इथे भागते. पहिल्या पुस्तकात दूध पोचवणारा रॉन दुकानामागच्या गल्लीत मरून पडलेला असतो आणि आजूबाजूला हॅनाच्याच कुकी विखुरलेल्या असतात. तिसऱ्यात तर प्रेत थेट तिच्या कोठीच्या खोलीत सापडतं आणि पोलीस दुकानच बंद करतात. खुनाची झळ धंद्याला बसते तेव्हा बाईने तपासात का पडावं हा प्रश्नच उरत नाही. लग्नासाठी मागे लागलेली तिची आई डलोरेस आणि एका डोळ्याने अधू असलेला मोइशे बोका, ही दोघं मला हॅनाइतकीच आवडली.

आता अडचण. मालिका लांबलचक आहे आणि पुढच्या पुस्तकांबद्दल नाराजीचा सूर बराच ऐकू येतो. "तेच तेच होतं", "हॅनाने माइकशी लग्न करावं की नॉर्मनशी हे संपतच नाही", "अमुक पुस्तकानंतर मी सोडलं". हे अमुक पुस्तक मात्र प्रत्येकाचं वेगळं! तर:

कुठवर वाचावं? मधली गाळली तर काही बिघडतं का? आणि बेकरीवालीच नायिका असलेलं, पण जरा जास्त कस असलेलं दुसरं काही आहे का?

खुनी कोण ते कृपया फोडू नका. हॅनाच्या लग्नाचं काय होतं ते सांगितलं तरी चालेल. खरं तर ते कळलं तरच पुढे जायचं की नाही ते ठरवता येईल.

शेवटचं पान:

आधी गाळण्याबद्दल. प्रत्येक खून त्याच पुस्तकात सुरू होऊन तिथेच संपतो, त्यामुळे कोड्यापुरतं कोणतंही पुस्तक उचला. घरच्या गोष्टी मात्र पुढे सरकत राहतात: हॅनाची बहीण अँड्रिया हिचा नवरा बिल याची पोलीसखात्यातली बढती, धाकटी बहीण मिशेल हिचं कॉलेज, डलोरेसचं स्वतःचं आयुष्य. त्या उलटसुलट वाचल्या तर चव जाते.

माझ्या मते २००६ च्या 'चेरी चीजकेक मर्डर'पर्यंत निर्धास्त वाचा. त्यात गावात सिनेमाचं चित्रीकरण येतं आणि सगळं गाव बिथरतं. हॅनासमोर एकाच वेळी लग्नाच्या दोन मागण्या असतात, एक पोलीस माइककडून आणि दुसरी दातांचा डॉक्टर नॉर्मनकडून. त्रिकोणाचा ताण तिथे टिपेला पोचतो. लेखिकेने तिथेच निकाल लावला असता तर आज ही तक्रार ऐकू आली नसती. तसं होत नाही. पुढची बरीच पुस्तकं दोघंही तिच्याकडे जेवायला येतात, दोघांच्याही ताटात गोड पडतं आणि ती कुणालाच काही सांगत नाही.

ओव्हनवाली:

अहो, पण ही पुस्तकं त्रिकोणासाठी वाचतं कोण? मी पाककृतींसाठी वाचते!

रात्रवाचक, पाककृती करून बघणार असाल तर एक सावधगिरी. सगळी मापं अमेरिकन आहेत. ३५० हा आकडा फॅरनहाइटमधला, म्हणजे साधारण १७५ सेल्सियस. कप म्हणजे साधारण २४० मिली. लोण्याची एक 'स्टिक' म्हणजे अर्धा कप, वजनाने ११३ ग्रॅमच्या आसपास. पहिल्या पुस्तकातल्या चॉकलेट चिप क्रंच कुकीत चुरडलेले कॉर्नफ्लेक्स घालतात आणि लोणी वितळवून घेतात. कुरकुरीतपणा येतो तो कॉर्नफ्लेक्समुळे, तेव्हा ते वगळू नका. साखर मात्र मी बिनदिक्कत कमी करते.

पुढच्या पुस्तकांत पाककृतींची संख्या फार वाढली आहे हे मान्य. तपास रंगात येतो आणि मध्येच केकची कृती. पहिल्या वाचनात मी ती पानं सरळ उलटते आणि पुस्तक संपल्यावर परत येते.

फुकटफौजदार:

मी विरोधी पक्षात. कोडं म्हणून ही मालिका कच्ची आहे. हॅना वहीत संशयितांची नावं लिहिते, एकेकाला भेटते, कुकी खायला घालते, नाव खोडते. शेवटी खुन्यासमोर एकटी सापडते आणि कशीबशी सुटते. पुराव्यावरून अनुमान काढलंय असं फारच थोड्या वेळा घडतं. माइक तिला दर वेळी बजावतो, "यात पडू नकोस," ती दर वेळी पडते, आणि पुढच्या पुस्तकात तो पुन्हा तेवढ्याच गांभीर्याने बजावतो.

शिवाय एवढ्याशा गावात इतके खून! 'मर्डर, शी रोट' या टीव्ही मालिकेतल्या कॅबट कोव्ह गावाची याच कारणाने थट्टा व्हायची. लेक ईडन त्याच वाटेवर आहे. तिथे घर घेऊ नये.

शेवटचं पान:

फौजदारसाहेब, कोझीत, म्हणजे अशा रक्तपात नसलेल्या घरगुती रहस्यकथांत, पुराव्यापेक्षा माणसांच्या बोलण्यातून गाठ सुटते, आणि ते फ्लूकला जमतं. हॅनाची कॉफीच्या भांड्याची युक्ती आठवा. टेबलाटेबलाने कॉफी ओतत फिरायचं. वाढणाऱ्या बाईकडे कुणी बघतच नाही, त्यामुळे लोक तिच्यासमोर खुशाल बोलत राहतात. दुकान तपासाच्या कामी येतं ते असं. ती शिंपीण किंवा ग्रंथपाल असती तर हे जमलं नसतं. वहीबद्दल मात्र तुमचं म्हणणं खरं आहे.

फुकटफौजदार:

कॉफीच्या भांड्याला माझं अनुमोदन. वही मागे घेणार नाही.

मांजरप्रेमी:

लग्नाबद्दल लिहिते आहे. ज्यांना नको त्यांनी हा प्रतिसाद ओलांडावा.

हॅना माइकशी लग्न करत नाही आणि नॉर्मनशीही नाही. 'वेडिंग केक मर्डर' (२०१६) मध्ये ती रॉस बार्टनशी लग्न करते. हा तिचा कॉलेजातला मित्र, चेरी चीजकेकमध्ये सिनेमावाल्यांबरोबर गावात आलेला. इतकी वर्षं नॉर्मनच्या बाजूने असलेल्या माझ्यासारख्यांना हा धक्काच होता. नॉर्मनच्या घरातली मांजर कडल्स आणि मोइशे यांची दोस्ती बघून मी मनातल्या मनात लग्न लावून मोकळी झाले होते!

'रास्पबेरी डॅनिश मर्डर' (२०१८) मध्ये रॉस गायब झालेला असतो. त्यानंतरचं सांगत नाही, पण तिथून पुढे सूर बदलतो. मालिकेतला निवांतपणा कमी होतो आणि हॅनावर जे येतं ते कुकी खाऊन विसरण्यासारखं नसतं. काहींना हाच भाग सगळ्यात आवडला, काहींनी इथेच पुस्तक मिटलं. मी दुसऱ्यांतली. तुम्ही झोपण्यापूर्वी वाचता म्हणून मुद्दाम सांगते आहे.

अजून एक. २०१४ चं 'ब्लॅकबेरी पाय मर्डर' गाळू नका. वादळी पावसात हॅनाच्याच गाडीखाली एक अनोळखी माणूस सापडतो आणि आरोपी म्हणून तिलाच उभं राहावं लागतं. नेहमीचा साचा तिथे मोडला आहे.

ओव्हनवाली:

रॉसबद्दल एवढंच म्हणेन की मला तो पहिल्यापासून पसंत नव्हता.

रात्रपाळी:

तुमच्या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर अजून कुणीच दिलं नाही, म्हणून लिहितो. केरी ग्रीनवुडची कोरिना चॅपमन वाचा. ही मेलबर्नची. आधी हिशेबनीस होती, ते सोडून 'अर्थली डिलाइट्स' नावाची बेकरी काढली. पहिल्या पुस्तकाचं नावही तेच आणि ते २००४ मध्ये आलं. सगळी मिळून सात, शेवटचं २०१८ मधलं, म्हणजे संपवण्याजोगी.

फरक कुठे पडतो? हॅनाच्या दुकानात कुकी नेहमी तयारच असतात. कोरिना पहाटे चारला उठते, पीठ फुगायला किती वेळ लागेल याचा हिशेब करते, उंदरांसाठी मांजरं पाळते आणि त्यांना 'उंदीर पोलीस' म्हणते. ती जाड आहे आणि त्याबद्दल तिला काडीची खंत नाही. हॅना दर दोन पानांनी वजनाची काळजी करते, त्याचा मला कंटाळा येतो. कोरिनाचं जग मात्र जरा काळोखं आहे. पहिल्याच पुस्तकात शहरातली व्यसनी मुलं हेरॉइनने मरू लागतात आणि त्यातली एक मुलगी तिच्या दारात पडलेली सापडते. रक्त नाही, पण मन हलकं राहील याची हमी देत नाही.

वाचायचं नसेल आणि नुसतं बघायचं असेल, तर हॅनावर हॉलमार्क वाहिनीने २०१५ पासून 'मर्डर, शी बेक्ड' नावाचे चित्रपट काढले. ॲलिसन स्वीनी हॅना झाली आहे. पुस्तकाबरहुकूम नाहीत, पण लेक ईडन डोळ्यांना छान दिसतं.

रात्रवाचक:

सगळ्यांचे आभार. मांजरप्रेमी, लग्नाचं सांगितलंत ते बरं केलंत. रॉस हा माणूस मला अजून भेटलाच नाही आणि तरी त्याचा राग आला आहे.

सध्या असं ठरवतो: चेरी चीजकेकपर्यंत ओळीने, मग थेट ब्लॅकबेरी पाय, आणि तिथून पुढचं कोरिनाची दोन पुस्तकं वाचून झाल्यावर बघू. मधली सगळी गाळल्याने ब्लॅकबेरी पायमध्ये अडखळायला होईल का?

शेवटचं पान:

फारसं नाही. डलोरेसच्या बाबतीत एकदोन गोष्टी अचानक वाटतील, एवढंच. आणि २०१८ चं 'ख्रिसमस केक मर्डर' दिसलं तर क्रमाची चिंता न करता उचला. ते काळाने सगळ्यांत आधीचं आहे. वडील गेल्यावर हॅना शिक्षण सोडून गावी परत येते, दुकान अजून निघायचं असतं. रॉस त्यात नाही.