आईला साठीनंतर सोबत हवी आहे: रजिस्टर लग्न की नुसतं एकत्र राहणं?

मृणाल: आई ६१ वर्षांची. ज्येष्ठ नागरिक संघात ओळख झालेले काका ६६ वर्षांचे, विधुर, केंद्र सरकारचे पेन्शनर. दोघांना एकत्र राहायचंय आणि मला मनापासून आनंद आहे. आईला बाबांच्या पश्चात ईपीएस-९५ ची (पीएफ कार्यालयाकडून मिळणारी) पेन्शन मिळते. कोणता मार्ग बरा?

सुहास: विधवा म्हणून मिळणारी ईपीएस पेन्शन पुनर्विवाह केला की बंद होते. हयातीचा दाखला देताना पुनर्विवाहाबद्दल विचारतातच. लपवलं तर पुढे वसुली निघते, तेव्हा कळवून टाका. मात्र काका जुन्या पेन्शन योजनेतले असतील तर निवृत्तीनंतर लग्न केलेली पत्नीही कुटुंब निवृत्तिवेतनाला पात्र असते. त्यासाठी विवाह प्रमाणपत्र जोडून काकांच्या जुन्या कार्यालयाकडून पीपीओत (पेन्शन देण्याच्या आदेशात) आईचं नाव लावून घ्या. काका हयात असतानाच हे व्हायला हवं, मागाहून फार पायपीट होते. लिव्ह-इनमध्ये हा हक्क मिळत नाही. ईपीएसची रक्कम हजार-दोन हजार असेल तर तेवढ्यासाठी लग्न टाळू नये, असं माझं स्पष्ट मत.

अनघा: सुहासदादांशी सहमत. पण खरी भांडणं घरावरून होतात. काकांनी मृत्युपत्र केलं नाही तर हिंदू वारसा कायद्याने पत्नीला मुलांइतकाच वाटा मिळतो, आणि मुलं धास्तावतात ती इथेच. फ्लॅट मुलांना द्यायचा असेल तर मृत्युपत्रात आईला त्यात हयातभर राहण्याचा हक्क लिहा. दोन साक्षीदार लागतात, ज्यांना काही मिळणार आहे त्यांना साक्षीदार करू नका. सोसायटीतल्या नॉमिनेशनवर विसंबू नका, त्याने मालकी मिळत नाही. बाबांकडून आईच्या नावे आलेला वाटा पुनर्विवाहाने जात नाही, हेही घरात सगळ्यांना सांगा.

विनय: रजिस्टर लग्न विशेष विवाह कायद्याने करायचं तर दोघांपैकी एकाचं त्या जिल्ह्यात किमान ३० दिवस वास्तव्य हवं. नोटीस दिल्यावर ३० दिवस थांबायचं आणि नोटिशीपासून तीन महिन्यांच्या आत लग्न करायचं, नाहीतर पुन्हा नोटीस. तीन साक्षीदार, वयाचा व पत्त्याचा पुरावा आणि दोघांच्याही आधीच्या जोडीदाराचा मृत्यूचा दाखला लागतो. नावांची स्पेलिंग सगळीकडे सारखी आहेत का ते आधी तपासा, काम बहुधा तिथेच अडतं. दोघंही हिंदू असतील तर घरी विधी करून महापालिकेत नोंदणी करता येते, मग ही ३० दिवसांची नोटीस लागत नाही.

अनघा: आणि मृणाल, नोटीस देण्याआधी दोघांना निवांत बसून बोलू द्या: औषधांचा खर्च कोणाचा, अंथरुणाला खिळल्यावर कोण बघणार, आधीच्या जोडीदाराचे श्राद्ध-पक्ष कसे करायचे. मुलांनी त्या बैठकीत बसू नये.