प्रतिसाद: मोतमावली फक्त कोळ्यांची?
मोतमावलीचं (म्हणजे वांद्र्याच्या माउंट मेरीचं, येशूच्या आईचं) समुद्राशी नातं वांद्र्याच्या कोळ्यांपुरतंच, असं वरच्या लेखात लिहिलंय ते काही पटलं नाही बुवा. तामिळनाडूतल्या वेलंकनीच्या मेरीचंच बघा ना, सतराव्या शतकात पोर्तुगीज व्यापाऱ्यांचं जहाज वादळात सापडलं, त्यांनी मेरीला नवस केला अन् ८ सप्टेंबरला, तिच्या जन्माच्या सणालाच, किनाऱ्याला लागले अशी तिथली परंपरा, मग त्यांनी तिथलं चॅपल पक्कं बांधून दिलं.

आता आमच्या नागपुरात समुद्र कुठून येणार, पण सदरमधला माझा एक दोस्त मर्चंट नेव्हीत आहे (टेकडी गणपतीचा पक्का भक्त!), तो सांगतो की परदेशी बंदरात 'स्टेला मारिस'चे लोक जहाजावर येतात, सिमकार्ड वगैरे मिळवून देतात, धर्म विचारत नाहीत. १९२० मध्ये ग्लासगोला सुरू झालेलं हे कॅथलिक चर्चचं काम, नाव मेरीचंच, 'स्टेला मारिस' म्हणजे 'समुद्राचा तारा', ही तिचीच उपाधी.