पळणाऱ्यांचे सिनेमे: तुमचा जीव नक्की कुठे टांगणीला लागतो?

मागे पोलीस, पुढे रस्ता, खिशात दमडी नाही असले पिक्चर मला जाम आवडतात. पण हल्ली बघतोय, स्फोट-बिफोट चालू असले की मी खुशाल मोबाईल चाळतो आणि पळणारा कुठे थांबला की मोबाईल बाजूला. 'द फ्युजिटिव्ह' (१९९३) घ्या. रेल्वेची ती धडक खऱ्या गाडीची आहे, मान्य, पण लक्षात राहिलंय ते नंतरचं, हॉस्पिटलात घुसून स्वतःच जखम शिवतो, दाढी उडवतो आणि झोपलेल्या पेशंटचा नाश्ता हादडतो. तुमचे अनुभव लिहा.

---

+१. त्यात हॅरिसन फोर्डचं लंगडणं खरं आहे बरं का, शूटिंगमध्येच पायाला लागलेलं. हे कळल्यापासून तो जिना चढायला लागला की माझाच गुडघा दुखतो.

---

स्पीलबर्गचा 'ड्युएल' (१९७१). ट्रकवाल्याचा चेहरा शेवटपर्यंत दाखवत नाहीत, फक्त हात आणि बूट. हीरो हॉटेलात बसून एकेकाचे बूट न्याहाळतो आणि सगळ्यांचेच तसले, तिथे मला घाम फुटला. हायवेला मागे ट्रक चिकटला की अजूनही मी गपचूप साइड देतो, बायको हसते, हसू दे.

---

मी विरुद्ध पार्टीतला. मला पळापळच पाहिजे!! 'बुलिट' (१९६८) मधला पाठलाग जवळपास दहा मिनिटं चालतो आणि गाड्या सुसाट सुटल्या की म्युझिक बंद, नुसती इंजिनं आणि टायर. तीच हिरवी फोक्सवॅगन पुन्हा पुन्हा मागे पडते ते सोडा, एडिटिंगचं ऑस्कर मिळालंय त्याला. हेडफोन लावून बघा, मग बोलू.

---

'थेल्मा अँड लुईस' (१९९१) आईबरोबर पाहिला. मी सुरुवातीलाच म्हटलं, अगं या सरळ पोलिसांत का जात नाहीत? आई म्हणाली, कोण विश्वास ठेवणार त्यांच्यावर? आणि पुढे लुईसही जवळपास हेच बोलते. त्यानंतर मी अख्खा पिक्चर तोंड मिटून बघितला. शेवट सांगत नाही, काहींनी पाहिला नसेल.

---

बुलिटवाले, 'रॉनिन' (१९९८) पण बघा. काही गाड्यांत खरं स्टिअरिंग उजवीकडे, स्टंट ड्रायव्हरकडे, आणि डावीकडे नटाच्या हातात नुसतं खोटं चाक. म्हणजे चेहऱ्यावरची टरकलेली अवस्था अॅक्टिंग नसावी असा माझा दाट संशय आहे.

---

धागाकर्ते, तुमच्यामुळे रविवार गेला. 'ड्युएल' लावतोय, बुटांवर लक्ष ठेवून.