टेम्पोच्या धडकेत मृत्यू: ५ लाखांवर सही करायची की दावा लावायचा?

चौकोनी_चाक:
दुचाकीला टेम्पोने मागून धडक दिली, दुचाकीस्वार जागीच गेला. गुन्हा टेम्पोचालकावर दाखल आहे. मृताचं फॅब्रिकेशनचं छोटं वर्कशॉप होतं, महिन्याला २० हजारांच्या आसपास सुटायचे, पण रिटर्न कधीच भरलं नाही. मागे बायको, दोन लहान मुलं आणि आई. आधारवर वय ४१, शाळेच्या दाखल्यावर ३८. अपघाताला तीन महिने होत आले. विमा कंपनी ५ लाखांत मिटवा म्हणते, तर एक एजंट "तीस टक्के द्या, सगळं बघतो" म्हणतो. काय करावं?

कोर्टाची_पायरी:
आधी एक: ५ लाखांच्या कागदावर सही नको. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ची ती ठरलेली रक्कम आहे, चूक कोणाची हे न बघता मिळणारी. ती घेतली की कलम १६६खालचा दावा संपतो. चूक मृताचीच असेल किंवा चालकाचा हलगर्जीपणा दाखवताच येत नसेल तिथे १६४ बरं. इथे धडक मागून आहे आणि गुन्हाही चालकावर, म्हणजे १६६चं प्रकरण सरळ आहे.

अर्ज मोटार अपघात दावा प्राधिकरणात. अपघात जिथे झाला, कुटुंब जिथे राहतं किंवा समोरचा जिथे राहतो, यांपैकी कुठल्याही हद्दीत चालतो. जवळचं कोर्ट निवडा, तारखांना जाणं सोपं पडतं. चालक, मालक आणि विमा कंपनी तिघांनाही सामनेवाले करा. १ एप्रिल २०२२ पासून मुदत अपघातापासून सहा महिने आहे. पोलिसांनीही तपशीलवार अहवाल प्राधिकरणाला पाठवायचा असतो आणि तो अर्ज म्हणून धरता येतो, पण त्या भरवशावर बसू नका.

एफआयआर, घटनास्थळ पंचनामा, मरणोत्तर पंचनामा, पोस्टमॉर्टेम रिपोर्ट, टेम्पोचं आरसी, विमा पॉलिसी आणि चालकाचं लायसन्स यांच्या नकला तपासी अंमलदाराकडून घ्या. पॉलिसीवर तारखेबरोबर वेळही बघा. अपघाताच्याच दिवशी संध्याकाळी काढलेली पॉलिसी सकाळच्या अपघाताला लागू होत नाही.

बेरीज_वजाबाकी:
वयाचा घोळ आधी मिटवा, खरा पैसा तिथे अडकलाय. हिशेब सरला वर्मा (२००९) आणि प्रणय सेठी (२०१७) या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांप्रमाणे होतो.

वय ३८ धरलं तर: २०,००० वर भविष्यातील वाढ ४० टक्के (स्वतःचा धंदा, वय चाळिशीच्या आत) म्हणजे २८,०००. अवलंबून चौघं, म्हणून मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी त्यातला पाव भाग वजा: २१,०००. वर्षाचे २,५२,०००. ३६ ते ४० वयाला गुणक १५. झाले ३७,८०,०००.

वय ४१ धरलं तर वाढ २५ टक्के आणि गुणक १४. तोच हिशेब ३१,५०,००० वर येतो. म्हणजे एका तारखेपायी ६,३०,००० जातात. आधारवरची जन्मतारीख अनेकदा अंदाजे टाकलेली असते (१ जानेवारी दिसली की समजावं). आधार हा जन्मतारखेचा पुरावा नाही, शाळा सोडल्याचा दाखला ग्राह्य, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये सांगितलंय. मूळ दाखला लावा. शाळेचं रजिस्टर घेऊन मुख्याध्यापकांना साक्षीला बोलवावं लागलं तर बोलवा.

शिवाय सहवास गमावल्याबद्दल पत्नी, मुलं, आई प्रत्येकी ४०,००० आणि अंत्यविधी व मालमत्तेच्या हानीचे १५,००० अधिक १५,०००. या मूळ रकमा २०१७ च्या, दर तीन वर्षांनी १० टक्के वाढतात. व्याज वेगळं मागायचं, ते साधारण अर्जाच्या तारखेपासून मिळतं.

रिटर्न नाही म्हणून दावा बुडत नाही, पण नुसत्या तोंडी २० हजारांवर कोर्ट बसत नाही. मग ते किमान वेतनाच्या आसपासचा आकडा धरतं. बँकेचं स्टेटमेंट, लोखंड खरेदीची बिलं, वर्कशॉपचं वीजबिल, उद्यम नोंदणी, यूपीआयच्या नोंदी गोळा करा. गेट-ग्रिल करून घेतलेली दोन गिऱ्हाइकं साक्षीला उभी राहिली तर उत्तम. एलआयसीचे पैसे मिळाले असतील तर ते यातून वजा होत नाहीत.

चौकोनी_चाक:
आभारी आहे. टेम्पोचालकाकडे लायसन्स नव्हतं असं आता कळतंय. आणि मृताने हेल्मेट घातलं नव्हतं.

कोर्टाची_पायरी:
लायसन्सचा मुद्दा विमा कंपनी नक्की काढेल. अशा वेळी बऱ्याचदा 'आधी कुटुंबाला द्या, मग मालकाकडून वसूल करा' असा आदेश होतो, म्हणून पॉलिसी चालू असणं महत्त्वाचं. पॉलिसीच नसेल तर सगळा भार मालकावर येतो. मग टेम्पो पोलिसांच्या ताब्यात आहे तोवर वकिलाकरवी तो सोडायला हरकत घ्या. गाडी एकदा सुटून विकली गेली की वसुली अवघड.

हेल्मेट नसल्याने अपघात घडला असं होत नाही. डोक्यालाच मार लागून मृत्यू झाला असेल तर मात्र कंपनी काही टक्के कपात मागेल. पोस्टमॉर्टेममधलं मृत्यूचं कारण वाचा. मार छातीला किंवा पोटाला असेल तर तो मुद्दा तिथेच पडतो.

सही_जपून:
एजंटाला वाटेला लावा. वकिलालासुद्धा निकालाच्या रकमेत टक्का ठरवता येत नाही, बार कौन्सिलचा नियम आहे. कोऱ्या वकीलपत्रावर किंवा कोऱ्या चेकवर सही नको. विधवेला उत्पन्नाची अट न लागता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. अर्ज तिच्या नावाने करा.

लोकअदालतीत तडजोडीचा विषय निघेल. पैसे लवकर हातात पडतात हे खरं, पण तिथल्या निवाड्यावर अपील नाही. बेरीज_वजाबाकी यांचा हिशेब कागदावर घेऊनच बसा. मुलांचा वाटा बहुधा सज्ञान होईपर्यंत मुदत ठेवीत जातो. शाळेच्या फीसाठी व्याज दरमहा खात्यात यावं, असा अर्ज त्याच वेळी द्या.