गॅलाड्रिएलचा आरसा आणि इतर आरसे

जादूचे सगळे आरसे भविष्य दाखवतात, असं बरेच जण म्हणतात. तसं नाही. ग्रिम बंधूंच्या (१८१२) स्नो व्हाइटमधला आरसा फक्त वर्तमानातलं खरं सांगतो. हॅरी पॉटरमधला एरिसेडचा आरसा बघणाऱ्याच्या मनातली सगळ्यात खोल इच्छा दाखवतो. त्यात भविष्याचा काहीच संबंध नाही.

शक्य भविष्यं दाखवणारा म्हणजे 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या पहिल्या खंडातला (१९५४) गॅलाड्रिएल या एल्फ स्त्रीचा आरसा. तो खरं तर आरसाही नाही, झऱ्याचं पाणी भरलेलं चांदीचं पसरट भांडं आहे. त्यात होऊन गेलेलं, चालू असलेलं आणि कदाचित होणारं, सगळं सरमिसळ दिसतं. कुठलं काय आहे हे ओळखायची सोय नाही! नायकाचा सोबती सॅम याला त्यात आपल्या गावाकडची झाडं तोडली जाताना दिसतात आणि तो लगेच परत जायला निघतो. तेव्हा गॅलाड्रिएल बजावते, की काही दृश्यं ती टाळायला वाट सोडणाऱ्यांमुळेच खरी होतात. सॅम थांबतो. झाडं मात्र पुढे खरोखरच तोडली जातात.

मला ही रचना फार आवडते, कारण आरसा खोटं बोलत नाही आणि तरी उपयोगाचा नाही. बाकी बऱ्याच फॅन्टसीत असा आरसा म्हणजे लेखकाने कथानक पुढे ढकलायला शोधलेली पळवाट असते.

अवांतर: पहिल्या एलिझाबेथ राणीच्या काळातल्या जॉन डी या ज्योतिषाच्या नावाने ओळखला जाणारा काळा ऑब्सिडियनचा (ज्वालामुखीच्या काचेचा) आरसा ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. तो मूळचा मेक्सिकोतला.