पावलांनी मोजलेली छावणी

चिलीचे माहितीपटकार पात्रिसिओ गुझमान यांच्या चित्रपटांत माणसं हरवतात, उरतं ते वाळवंट आणि आकाश, असा आक्षेप घेतला जातो; तो मला पटत नाही. चिलीतल्या अटाकामा वाळवंटाची दृश्यं लांबलचक आहेत, हे कबूल. पण २०१० च्या 'नॉस्टॅल्जिया फॉर द लाइट'मधले वास्तुरचनाकार मिगेल लॉनर कसे विसरायचे? चिलीचा लष्करी हुकूमशहा पिनोशे याच्या राजवटीत ते छावणीत कैदेत होते. छावणीची लांबी-रुंदी ते पावलांनी मोजायचे, रात्री नकाशा काढायचे आणि झडतीत सापडू नये म्हणून फाडून त्याचे तुकडे संडासात टाकायचे. पुढे डेन्मार्कमध्ये निर्वासित असताना त्यांनी ते सगळं आठवणीतून पुन्हा कागदावर उतरवलं. चित्रपटात हे म्हातारे गृहस्थ खोलीत पावलं टाकत ती मोजणी करून दाखवतात. तेवढं एक दृश्य मी कितीदा मागे नेऊन पाहिलं असेल! आणि त्यांची पत्नी अनिता, तिला अल्झायमर. एकाला सगळं लख्ख आठवतंय, दुसरीचं निसटत चाललंय, आणि दोघं हातात हात घालून चाललेत. गुझमान यांना या जोडप्यात चिली देश दिसतो.

आणखी एक. गुझमान स्वतःही पिनोशेला सत्तेवर आणणाऱ्या १९७३ च्या लष्करी उठावानंतर सांतियागोच्या स्टेडियममध्ये डांबले गेले होते. त्यांच्या 'द बॅटल ऑफ चिली' या आधीच्या माहितीपटाची रिळं लपवून देशाबाहेर काढावी लागली, संकलन क्युबात झालं. ते चित्रित करणारे कॅमेरामन होर्हे म्युलर यांना १९७४ मध्ये पकडून नेलं, ते परत आलेच नाहीत. त्या राजवटीत बेपत्ता झालेल्या आपल्या माणसांची हाडं वाळवंटात शोधणाऱ्या बायकांपाशी गुझमान यांचा कॅमेरा इतका वेळ का थांबतो, हे मला त्यानंतर उमगलं.